पातळी किती?

गाइडेड टूर म्हटलं की आमच्या वयाच्या लोकांची मतं ठरलेली असतात. आपण कसे, स्वतः प्लॅन करून, गल्लीबोळ धुंडाळत, गावातले लोक जिथे खातात तिथेच खाणारे. आणि टूरवाले म्हणजे वर धरलेल्या छत्रीमागे मेंढरांसारखे चालणारे. माझं मत जरा वेगळं आहे. हातात जेमतेम आठ तास आणि सोबत गुडघे कुरकुरणारी आई असेल, तर ती छत्रीवाली बाई म्हणजे देवमाणूस! रस्ता तिने शोधायचा, स्वच्छतागृह तिने शोधायचं, परतीची गाडी चुकू नये म्हणून काळजीही तिनेच करायची. आपण नुसतं बघायचं.

तर मे २०२५ मधल्या एका शनिवारी मिलानहून व्हेनिसची एका दिवसाची टूर घेतली. रेल्वेने जायचं, रेल्वेने यायचं. आई दीड महिन्यासाठी सांगलीहून आली होती. बाबा आले नाहीत. पावसाळा तोंडावर आला की घराला कुलूप लावून कुठे जायला ते २०१९ पासून तयारच होत नाहीत. आमचं घर गावभागात, तळमजल्यावर. सांगलीकरांना पुढचं सांगायला नको, इतरांना कळेलच.

पावणेआठची गाडी. मिलानचं सेंट्रल स्टेशन १९३१ सालचं आणि एखाद्या राजवाड्याएवढं. तिथे आईने पहिला फोटो काढून घेतला. ब्रेशा गेल्यावर डाव्या हाताला गार्डा तलाव दिसतो, मग व्हेरोना, विचेन्झा, पादोव्हा. आईने भडंगाची पुडी उघडली. समोरच्या सीटवरच्या कोरियन जोडप्याला दिले, त्यांनी आवडीने खाल्ले. मेस्त्रे गेलं आणि पाचच मिनिटांत दोन्ही बाजूंची जमीन संपली. गाडी पाण्यातून चालल्यासारखी वाटते. हा पूल १८४६ चा, ऑस्ट्रियन राजवटीतला, साडेतीन किलोमीटरहून लांब. तोवर या शहरात नावेशिवाय पोचता येत नसे. गाड्यांचा रस्ता तर त्याला लागून १९३३ मध्ये झाला.

आई बराच वेळ खिडकीतून बघत होती. मग म्हणाली, "पाणी खोल नाहीये रे फार." बरोबर आहे. ही खाडी बहुतेक ठिकाणी छातीएवढीसुद्धा खोल नाही. मोठी जहाजं जातात ती खोदलेल्या वाटांनी. नदीकाठच्या माणसाला पाण्याचा रंग बघून खोली कळते म्हणतात, ते खरं असावं.

स्टेशनबाहेर पाऊल टाकलं की समोर थेट ग्रँड कॅनॉल. रिक्षा नाही, बस नाही, हॉर्न नाही. त्या दिवसासाठी शहराचा प्रवेशकर भरून क्यूआर कोड घ्यावा लागला होता. २०२४ मध्ये हा कर सुरू झाला, फक्त दिवसभरासाठी येणाऱ्यांना आणि फक्त गर्दीच्या ठरावीक दिवशी. २०२५ मध्ये आधी काढला तर पाच युरो, ऐनवेळी काढला तर दहा. आमचा गट चोवीस जणांचा. पंचवीसच्या वर माणसं एका गाईडमागे नकोत आणि भोंगेही नकोत असा नियमही २०२४ चाच. म्हणून प्रत्येकाच्या कानात एक यंत्र. गाईडबाई पन्नाशीच्या, बारीक अंगाच्या, चालायला मात्र तुफान.

व्हापोरेत्तोतून (म्हणजे तिथली बस, फक्त पाण्यावरची) सान मार्कोपर्यंत पाऊण तास. दुतर्फा महाल, घुमट, रिआल्तोचा पूल. ते सगळं तुम्ही फोटोत पाहिलेलं आहे आणि ते फोटोत दिसतं तसंच दिसतं, त्यामुळे इथे वर्णन करत नाही. माझ्यासाठी खरी टूर त्यानंतर सुरू झाली.

सान मार्को चौकातून आम्ही आतल्या गल्ल्यांमध्ये शिरलो. गाईडबाई कुठल्यातरी चर्चबद्दल सांगत होत्या. आई एका घराच्या दारापाशी थांबली. चौकटीच्या दोन्ही बाजूंना, जमिनीपासून साधारण गुडघ्यापर्यंत लोखंडी पट्टीची खाच बसवलेली होती. आईने तीवरून बोट फिरवलं आणि मला म्हणाली, "विचार त्यांना, ही फळी लावायला आहे ना?"

मी विचारलं. बाई बोलता बोलता थांबल्या. म्हणाल्या, इतक्या वर्षांत हे फार कमी लोकांनी विचारलंय. हो, पाणी यायच्या आधी या खाचेत लोखंडी फळी सरकवतात, खाली रबर असतं. आईने लगेच सांगितलं, आम्ही वाळूची पोती लावतो, त्यावर प्लास्टिक. आणि मग दोघींचं जे सुरू झालं, ते मी नुसतं भाषांतर करत राहिलो.

बाईंनी विचारलं, किती आलं होतं? आई म्हणाली, ५७ फूट.

बाईंचा चेहरा बघण्यासारखा झाला. तेव्हा मला खुलासा करावा लागला. सांगलीत कृष्णेची पातळी आयर्विन पुलापाशी मोजतात. ४० फूट म्हणजे इशारा, ४५ म्हणजे धोका. ऑगस्ट २०१९ मध्ये ती ५७ फुटांच्या वर गेली आणि २००५ चा विक्रम मोडला. ५७ फूट म्हणजे घरात ५७ फूट नव्हे. पण प्रत्येक घराचा एक आकडा असतो. आमच्या उंबऱ्याचा ४९. जुलै-ऑगस्टमध्ये सांगलीत दोन माणसं भेटली की "काय कसं काय" च्या आधी "पातळी किती?" विचारतात. कोयनेतून किती क्युसेक सोडलं हे आमच्या आईला शेजारच्या लग्नाच्या तारखेपेक्षा जास्त पक्कं माहीत असतं.

बाई हसायला लागल्या. म्हणाल्या, आमचंही अगदी हेच! तिथली पातळी सेंटीमीटरमध्ये, साल्यूते चर्चजवळच्या टोकापाशी मोजतात. शून्य म्हणजे १८९७ च्या सुमाराची सरासरी समुद्रपातळी. ८०-९० झालं की सान मार्को चौकात पाणी. ११० झालं की शहराचा साधारण आठवा भाग ओला, सायरन वाजतो. १४० च्या वर निम्म्याहून जास्त शहर. नोव्हेंबर १९६६ मध्ये १९४ झालं होतं, तो विक्रम. आणि १२ नोव्हेंबर २०१९ च्या रात्री १८७.

म्हणजे एकाच वर्षी. आमच्याकडे ऑगस्ट, त्यांच्याकडे नोव्हेंबर.

"मग किती दिवस होतं पाणी?" आईने विचारलं. बाई म्हणाल्या, भरतीचं पाणी, काही तासांत उतरतं. आई म्हणाली, "काही तासांत? मग बरंय की!" आमच्याकडे आठवडाभर होतं. आई-बाबा विश्रामबागेत मावशीकडे होते आणि परत आले तेव्हा घरात घोट्याच्या वर गाळ होता. फ्रिज आडवा पडला होता. माझी शाळेची प्रमाणपत्रं, लग्नाचे अल्बम, गव्हाचं पिंप, सगळं एकाच रंगाचं झालं होतं. बाईंनी ते नीट ऐकून घेतलं आणि म्हणाल्या, तुमचं पाणी गोडं, गाळ धुऊन निघतो. आमचं खारं. पाणी जातं, मीठ विटेत राहतं. वीट सुकली की मीठ फुगतं आणि वीट आतून भुगा होऊन गळते. समोरच्या भिंतीवर त्यांनी नखाने जरासं खरवडलं, लाल पूड खाली पडली. जुन्या लोकांनी पायात समुद्राला दाद न देणारा इस्त्रियाचा पांढरा दगड घातला होता. पण समुद्र वर आला, जमीन थोडी खचली, १८९७ च्या त्या शून्यापेक्षा आजचं पाणी सरासरीच सुमारे ३० सेंटीमीटर वर असतं. भरती आता दगड ओलांडून विटेपर्यंत पोचते.

आईचा पुढचा प्रश्न मला अपेक्षितच होता: मग सरकारने काय केलं? उत्तर म्हणजे मोझे. खाडीची समुद्राकडची तीन तोंडं आहेत, तिथे तळाशी ७८ पोलादी दारं बिजागरीवर निजवून ठेवली आहेत. एरवी ती पाण्याने भरलेली असतात. भरती येणार असली की आत हवा सोडायची, पाणी बाहेर जातं, दारं हलकी होऊन उभी राहतात आणि समुद्र बाहेरच राहतो. काम २००३ मध्ये सुरू झालं, मध्ये २०१४ साली भ्रष्टाचाराच्या प्रकरणात मोठी धरपकड झाली (आईला हे ऐकून फारच घरच्यासारखं वाटलं), आणि भरतीविरुद्ध पहिल्यांदा दारं उभी राहिली ती ३ ऑक्टोबर २०२० ला. तेव्हापासून सान मार्को चौकात कितीतरी वेळा येऊ शकलं असतं ते पाणी आलेलं नाही.

पण त्याच वर्षी ८ डिसेंबरला अंदाज चुकला. वारा वाढला, पाणी अंदाजाच्या वर गेलं आणि दारं खालीच राहिली. १३८ सेंटीमीटर. आमच्या धंद्यात याला फॉल्स निगेटिव्ह म्हणतात आणि रात्री दोनला फोन येतो. उगाच दारं उचलली तर बंदरातली जहाजं खोळंबतात, नाही उचलली तर शहर बुडतं. आकडा कुठे ठेवायचा हा प्रश्न कोड लिहिणाऱ्या प्रत्येकाला कळेल. आई मात्र एका वाक्यात म्हणाली, "म्हणजे कोयनेसारखंच. दार कधी हलवायचं ते कुणीतरी लांब बसून ठरवणार."

यानंतर दीड तास मोकळा होता. गोंडोला आम्ही केला नाही. अर्ध्या तासाचे नव्वद युरो ऐकून आईने कृष्णेतली होडी आठवली आणि विषय संपला. एका लहान चौकातल्या दगडी विहिरीच्या कट्ट्याशी बसून पोळीचे रोल खाल्ले. ती विहीर म्हणजे खरं तर विहीर नाही, टाकी आहे. चौकाखाली खड्डा खणून चिकणमातीने लिंपायचा, वाळूने भरायचा. पावसाचं पाणी चौकातल्या भोकांतून वाळूत गाळून मधल्या नळीत साचतं. १८८४ मध्ये मुख्य भूमीवरून नळाचं पाणी येईपर्यंत अख्खं शहर यावर जगलं. चारी बाजूंनी पाणी आणि प्यायला पावसाची वाट! मला व्हेनिसमध्ये सगळ्यात आवडलेली गोष्ट कुठली विचाराल तर ही. महाल काय, पैसा असला की बांधता येतात.

परत निघताना रिआल्तोजवळच्या सान बार्तोलोमेओ चौकात गाईडबाई एका औषधाच्या दुकानासमोर थांबल्या. टूरच्या कागदावर हे ठिकाण नव्हतं. काचेमागे लाल आकड्यांचा छोटा फलक होता, २००८ पासून आहे. आमच्याकडे पेट्रोलपंपावर असतो तसा. त्यावर शहरात उरलेल्या रहिवाशांची संख्या. आम्ही गेलो तेव्हा ४८ हजारांच्या आसपास होती. १९५१ मध्ये पावणेदोन लाख माणसं राहत होती. पन्नास हजारांच्या खाली आकडा २०२२ मध्ये गेला.

आई म्हणाली, "पातळी उतरायली की." हे मी बाईंना भाषांतर करून सांगितलं नाही. जमलंच नसतं.

मग आईने विचारलं, तुमचं घर कुठे? बाईंचं घर मेस्त्रेला, पुलापलीकडे. रोज सकाळी गाडीने येतात, संध्याकाळी गाडीने जातात, आमच्यासारख्याच. फक्त त्यांना प्रवेशकर नाही. कास्तेल्लोमध्ये आजोबांचं तळमजल्यावरचं घर होतं. १९६६ चं पाणी आईवडिलांनी काढलं, पुढची लहानमोठी पाणीही काढली. शेवटी भावंडांनी मिळून घर विकलं. आता तिथे पर्यटक राहतात, दाराला आकड्यांचं कुलूप आहे. "पाण्यामुळे विकलं?" आईने विचारलं. बाई क्षणभर थांबल्या. म्हणाल्या, पाण्यामुळे नाही. शेजारी उरले नव्हते. फळी लावायला दुसरा हात लागतो.

इथे सांगायला हवं की २०१९ पासून दर पावसाळ्यात मी फोनवर एकच गोष्ट सांगत आलोय: गावभागातलं घर काढा, पुण्याला या. लिफ्ट आहे, सातवा मजला आहे. आई दरवेळी म्हणायची, बाबांना विचार. बाबा म्हणायचे, आईला विचार. आईने त्या चौकात माझ्याकडे बघितलंसुद्धा नाही. तिने बाईंना विचारलं की तिकडे मेस्त्रेला शेजारी कसे आहेत. बाई म्हणाल्या, बरे आहेत.

स्टेशनवर आईने उरलेली भडंगाची पुडी त्यांच्या हातात दिली. पावणेसातची गाडी वेळेवर सुटली. मेस्त्रे येईपर्यंत आईने बाबांना फोन लावला, सांगलीत रात्रीचे सव्वादहा झाले होते. पाच मिनिटं नुसतं दाराच्या खाचेबद्दल बोलणं चाललं होतं: पट्टी किती रुंद, रबर कुठे, फॅब्रिकेशनवाल्याला फोटो व्हॉट्सअॅप करते, उद्याच दाखवा.

फळी जूनच्या दुसऱ्या आठवड्यात बसली, पुढच्या दाराला आणि न्हाणीच्या दाराला. ती उचलायला दोन माणसं लागतात. बाबांनी त्यासाठी समोरच्या काकांशी बोलून ठेवलंय, आणि त्यांच्या दारालाही तशीच करून घेतली आहे.