पंधराचा निळा

लग्न होऊन सांबऱ्याला आले त्याच आठवड्यात आमच्या घरातली कामाची वाटणी होऊन गेली. कुणी बसून केली नाही, ती आपोआप झाली. स्वयंपाकघर, पाहुणे, उपास-पारणी, आजारपणं माझी. शेत, बँक, सरकारी कागद आणि गाडी ह्यांची. गाडीचं बॉनेट उघडलं की मी चहा ठेवायला आत जायची. तीस वर्षांत आत काय असतं ते मी वाकून पाहिलं नाही, आणि ह्यांनीही कधी ये बघ म्हटलं नाही.

गेल्या फेब्रुवारीत ह्यांना झटका आला. उजवा हात आणि उजवा पाय लुळा पडला, बोलणं गेलं. अगदीच गेलं असं नव्हे. मेंदूच्या डाव्या बाजूला जिथं शब्द जुळवायचं काम चालतं तिथला रक्तपुरवठा तुटला होता. त्याला अफेजिया म्हणतात. माणसाला समजतं सगळं, हिशेब कळतो, माणसं कळतात, पण शब्द तोंडाशी येऊन अडतो. बेळगावच्या डॉक्टरांनी मला बाजूला घेऊन सांगितलं, "त्यांची वाक्यं तुम्ही पुरी करू नका. थांबा. वेळ लागला तरी त्यांचं त्यांना बोलू द्या."

मी मान हलवली, आणि घरी आल्याच्या तिसऱ्या दिवसापासून त्यांची सगळी वाक्यं पुरी करायला लागले. "पा..." म्हटलं की पाण्याचा तांब्या पुढं. कधी पाणी नको असायचं, पाय अवघडलेला असायचा. मग ते भिंतीकडं तोंड करायचे. मला वाटायचं, आजारपणात माणूस चिडतंच.

गाडी सहा महिने शेडमध्ये भाताच्या पोत्यांशेजारी उभी होती. मुलगा पुण्याहून आला की बॅटरी उतरू नये म्हणून तेवढी चालू करून जायचा. लायसन्स माझ्याकडं वीस वर्षांपासून होतं. त्याचा उपयोग फोटो दाखवून हसण्यापुरता. सप्टेंबरात मालिशवाल्या डॉक्टरांकडं, म्हणजे फिजिओथेरपीला, रिक्षानं जाऊन जाऊन कंटाळले आणि एक दिवस किल्ली हातात घेतली. विमानतळापासून बेळगावपर्यंतचा रस्ता मी दुसऱ्या गिअरमध्ये पार केला. हे शेजारी डावा हात डॅशबोर्डवर घट्ट रोवून बसले होते. बोलता येत नव्हतं ते एका अर्थी बरंच झालं, असं तेव्हा मनात आलं होतं. लिहिताना लाज वाटते, पण आलं होतं.

ह्यांनी आधाराशिवाय चार पावलं टाकली की स्तवनिधीला जायचं, असं मी बोलले होते. नोव्हेंबरात ती पावलं पडली. निपाणीच्या अलीकडं, तवंदी घाटाजवळ हे क्षेत्र. आमच्याकडून दीड-पावणेदोन तासांचा रस्ता, तोही हायवेचा. सकाळी निघालो, दर्शन झालं, बरोबरचा डबा खाल्ला. साडेतीनला परत निघायचं म्हणून ह्यांना सीटवर बसवलं, पट्टा लावला, किल्ली फिरवली.

इंजिन फिरलं. खर्र खर्र खर्र. चालू झालं नाही.

पुन्हा फिरवली. पुन्हा तेच. चौथ्या वेळेला आजूबाजूची चार माणसं जमली. अशा वेळी माणसं कुठून येतात कळत नाही, पण येतात हे खरं. एक म्हणाले बॅटरी, दुसरे म्हणाले पेट्रोलमध्ये कचरा, तिसरे म्हणाले ढकलूया. पेट्रोलचा काटा अर्ध्यावर होता. कुणीतरी जवळच्या एका गॅरेजवाल्याला फोन लावला. तो मोटरसायकलवरून आला, दोनदा किल्ली फिरवून बघितली आणि म्हणाला, "पंप गेलाय. टाकी खाली उतरवायला लागणार. गाडी ठेवून जावा, दोन दिवसांनी या." आकडा त्यानं सांगितला तो इथं लिहीत नाही, पण ह्यांच्या दोन महिन्यांच्या औषधांएवढा होता.

पैशाचं एक. माझ्यापुढं दुसरं होतं. सहाच्या सुमारास दिवस मावळणार. मावळतीनंतर हे तोंडात काही घालत नाहीत, आजारातही तो नेम त्यांनी सोडला नव्हता, आणि रक्तदाबाची रात्रीची गोळी जेवणावरच घ्यायची. परक्या गाडीत ह्यांना चढवायचं-उतरवायचं कसं, हा आणखी एक घोर. मुलाला फोन केला तर तो पुण्याहून म्हणतोय, "आई, टोइंग बोलव, मी पैसे पाठवतो."

ह्या गडबडीत हे काहीतरी म्हणत होते. "आ... आवाज."

मी बाहेरच्या लोकांना म्हटलं, "जरा हळू बोला हो, ह्यांना आवाजाचा त्रास होतोय." माणसं भली होती. कुजबुजायला लागली.

"आवाज. नाही."

"होय हो, नाही करत आता कुणी."

ह्यांनी डाव्या हातानं सीटवर जोरात थाप मारली. मग हात मागं नेऊन मागची सीट दाखवली. मी विचारलं, "मागं आडवं व्हायचंय?" गॅरेजवाला म्हणाला, "काकांना त्रास होतोय, त्यांना सावलीत बसवा की." सगळे माझ्याशी बोलत होते. ह्यांच्याशी कुणीच नाही. आणि मग हे "फ... फ..." करायला लागले. मी फोन म्हटलं, फळ म्हटलं, फडकं म्हटलं. प्रत्येक शब्दाला त्यांचा चेहरा आणखी उतरत गेला. शेवटी त्यांनी डोळे मिटून घेतले. तसे डोळे मिटलेले मी आठ महिन्यांत कितीदा पाहिले होते, आणि दर वेळी झोप आली म्हणून पांघरूण घातलं होतं.

त्या दिवशी काय झालं कोण जाणे, मी सगळ्यांना म्हटलं, पाच मिनिटं जरा बाजूला व्हा. दार लावून घेतलं. काच वर केली. आणि गप्प बसले.

बराच वेळ गेला. मग ह्यांनी डोळे उघडले, किल्लीकडं बोट केलं, आणि बोट थोडंसं फिरवून थांबवलं. चालू करायची नाही, अर्धीच फिरवायची. मी फिरवली. दिवे लागले. ह्यांनी कानाला हात लावला.

काहीच ऐकू आलं नाही. तेव्हा आठवलं. हे गाडी चालू करताना नेहमी किल्ली अर्धी फिरवून क्षणभर थांबायचे, आणि त्या थांबण्यात मागच्या सीटखालून घूंऽऽ असा बारीक आवाज यायचा, दोन सेकंद, आणि बंद व्हायचा. तीस वर्षं शेजारी बसून मी तो हजारदा ऐकला असेल. पुढं मी स्वतः चालवायला लागले तेव्हा एकदम खर्रकन किल्ली फिरवायची, त्यामुळं तो कधी वेगळा ऐकूच आला नाही. तो आवाज म्हणजे पेट्रोल पंप. आमची पहिली गाडी जुनी फियाट होती. तिचा पंप इंजिनालाच चिकटलेला, इंजिनाच्या जोरावर चालणारा, त्याला वीज लागत नसे. आताच्या इंजेक्शनच्या गाड्यांत पंप विजेचा असतो आणि पेट्रोलच्या टाकीत बुडालेला असतो. आमच्या गाडीत टाकी मागच्या सीटखालीच आहे. किल्ली अर्धी फिरली की तो दोन-तीन सेकंद चालून नळीत दाब तयार करतो, आणि मग इंजिनाची वाट बघत थांबतो. इंजिन जोरात फिरतंय म्हणजे बॅटरी चांगली. पंपाचा आवाज नाही म्हणजे पेट्रोल पुढं येतच नाही. आवाज नाही, मागं. ह्यांनी पहिल्या दोन शब्दांत निदान सांगितलं होतं.

पण पंपच गेलाय असं गॅरेजवालाही म्हणत होता. मग "फ" म्हणजे काय? मी ह्या वेळी शब्द पुरवला नाही. हे घामाघूम झाले. "फ्यू... ज."

त्यांच्या डाव्या हाताच्या खुणांनी स्टिअरिंगखालचं एक झाकण मी काढलं. आत रंगीबेरंगी दातांची कवळी असावी तसे फ्यूज ओळीनं बसलेले. झाकणाच्या आतल्या बाजूला नकाशा छापलेला, अक्षरं मुंगीएवढी. चष्मा पुसून 'फ्युएल पंप' शोधलं. नकाशावर १५ लिहिलेलं, म्हणजे १५ अँपिअर. रंगावरूनही कळतं हे मला नंतर समजलं: १० चा लाल, १५ चा निळा, २० चा पिवळा, ३० चा हिरवा. झाकणालाच एक छोटा प्लॅस्टिकचा चिमटा अडकवलेला असतो. किल्ली बंद केली आणि चिमट्यानं निळा फ्यूज सरळ ओढून काढला. हाताला घाम होता, दोनदा निसटला. उजेडात धरला तर आतली केसाएवढी पट्टी मधोमध तुटलेली, काचेला धूर लागावा तसा डाग.

ह्यांना दाखवला. त्यांनी फक्त "हं" केलं.

दार उघडून मी तो फ्यूज बाहेर धरला तर गॅरेजवाला जरा ओशाळला. बोट ठेवायचं तर त्याच्यावर ठेवता येईल, पण त्यानं फ्यूज बघितला नाही तसा मीही ह्यांचा शब्द बघितला नव्हता. जमलेल्यांतला एक उत्साही मुलगा म्हणाला, "काकू, चॉकलेटची चांदी गुंडाळून बसवतो, घरापर्यंत मजेत जाशीला."

"नको!" हे म्हणाले. आठ महिन्यांतला त्यांचा सगळ्यांत स्पष्ट शब्द.

का नको हे मला सांगायची गरज नव्हती. आमच्या जुन्या घरात मीटरखाली चिनी मातीचे पांढरे किटकॅट फ्यूज होते. सासरे दर वेळी बारीक तार घालायचे. एकदा भावकीतल्या कुणीतरी "सारखा उडतोय" म्हणून जाड तार घातली. पुढच्या खेपेला फ्यूज शाबूत राहिला आणि भिंतीतली वायर जळाली. फ्यूज जळतो तो बाकीचं वाचावं म्हणून. इथं तर वायरच्या दुसऱ्या टोकाला पेट्रोलची टाकी. चांदी नको आणि पंधराच्या जागी वीसचाही नको.

जादा निळा डब्यात नव्हता. ह्यांनी मोबाईल चार्ज करायचं भोक दाखवलं. नकाशात पाहिलं, तोही पंधराचाच. तो काढून पंपाच्या जागी दाबून बसवला. बाकी कुणालाही उसना देऊन चालण्यासारखा तोच एक होता. दिव्याचा, ब्रेकच्या दिव्याचा, हॉर्नचा काढायचा नाही, एवढं मलाही कळलं.

किल्ली अर्धी फिरवली.

घूंऽऽ.

बाहेरच्या लोकांना काय ऐकू आलं असेल माहीत नाही. ह्यांनी डावा हात वर करून दोन बोटं दाखवली: दोन मोज. मोजले. गाडी पहिल्या फटक्यात चालू झाली. गॅरेजवाला पैसे घेत नव्हता, आम्ही पेट्रोलपुरते दिले.

घाट, संकेश्वर, हत्तरगी, काकती. रस्ताभर माझा कान मागच्या सीटकडं. कारण फ्यूज बदलला तरी तो उडाला का, हे कळलं नव्हतं. पुन्हा उडाला असता तर दुसरा घालून उपयोग नव्हता. उसाचे ट्रॅक्टर मागं पडत होते, मी ऐंशीच्या वर गेले नाही. सहाला दहा कमी असताना सांबऱ्यात पोचलो. अंगणातच ह्यांना ताट दिलं.

दुसऱ्या दिवशी आमच्या ओळखीच्या मिस्त्रीला घरी बोलावलं. त्यानं मागची सीट उचलली आणि हसायला लागला. पंपाकडं जाणाऱ्या वायरीचं वेष्टन उंदरानं कुरतडलेलं, आतली तांब्याची तार उघडी पडून पत्र्याला लागत होती. सहा महिने भाताशेजारी उभ्या गाडीचा हा प्रसाद. त्यानं तार जोडून वर नवं वेष्टन चढवलं. पंप चांगला होता. तो सांगत होता, टाकी सारखी रिकामी ठेवू नका, पंपाला थंड ठेवायचं काम पेट्रोलच करतं. काही वेळा पंपातच दोष निघतो हेही खरं. जुलै २०२० मध्ये मारुतीनं वॅगन-आर आणि बलेनो मिळून १,३४,८८५ गाड्या पंप तपासायला परत बोलावल्या होत्या आणि सदोष पंप फुकट बदलून दिले. आमची गाडी त्यातली नव्हे. पण कुणाकडं त्या काळातली असेल तर चासी नंबरावरून तपासता येतं, म्हणून लिहून ठेवते.

मिस्त्रीला मी म्हटलं, निळे दोन, लाल दोन, पिवळे दोन असे फ्यूज आणून दे. त्यानं आणले. हळदीच्या रिकाम्या डबीत घालून ते गाडीत ठेवले, आणि वरून कापडाची चिंधी, हलू नयेत म्हणून.

चार्जिंगच्या भोकाचं मात्र माझ्या डोक्यातून गेलं. पंधरवड्यानं मुलगा आला, आम्हाला दवाखान्यात घेऊन निघाला, मोबाईल लावला तर चार्ज होईना. "आई, हे पण बिघडलं काय?"

मी तोंड उघडलं आणि मिटलं. ह्यांचे ओठ हलायला लागले होते. मुलगा म्हणाला, "काय बाबा, पाणी पाहिजे?"

"थांब जरा," मी म्हटलं. त्यानं गाडी कडेला घेतली. वरून विमान गेलं, त्याचा आवाज विरेपर्यंत आम्ही तिघंही तसेच बसून होतो.