ओळखदार

दुय्यम निबंधकाच्या कचेरीत एकतीस वर्षे कारकुनी केलेल्या माणसाला एक गोष्ट पुरती ठाऊक असते, ती ही की समोर उभा असलेला इसम स्वतःविषयी जे सांगतो त्यावरून तो कोण हे ठरत नाही. खरेदीखत असो, गहाणखत असो की बक्षीसपत्र असो, दस्त करून देणारा कितीही भारदस्त दिसला, त्याचा पोशाख कितीही ऐटदार असला आणि त्याने आपले नाव कितीही ठासून सांगितले, तरी त्याला जातीने ओळखणारे दोन इसम हजर होऊन त्यांच्या सह्या पडेपर्यंत तो आमच्या दफ्तराच्या लेखी कोणीच नसे. या दोघांना आम्ही ओळखदार म्हणत असू. फुलपाखरे ओळखण्याचा जो नाद मला तरुणपणी लागला आणि जो पेन्शनीत चांगलाच बळावला, त्यालाही नेमका हाच कायदा लागू आहे, हे ध्यानात यायला मात्र मला फार वर्षे लागली. आणि ते ज्या व्यक्तीने ध्यानात आणून दिले तिने या विषयावरचे एकही पुस्तक उघडलेले नव्हते.

माझी सुरुवात पुस्तकानेच झाली. भिवंडीच्या बाजारात एका रद्दीवाल्याकडे, पुठ्ठा गेलेले आणि कडा वाळवीने खाल्लेले, इंग्लंडातल्या बागांतील फुलपाखरांवरचे एक सचित्र इंग्रजी पुस्तक मला आठ आण्यांना मिळाले. त्यात काळ्या पंखांवर तांबडा पट्टा ओढलेले रेड अ‍ॅडमिरल होते, मोरपिसावरच्या डोळ्यांसारखे चार डोळे मिरवणारे पीकॉक होते, हिवाळाभर लोकांच्या माळ्यांवर झोप काढणारे स्मॉल टॉर्टॉइजशेल होते, आणि ते झोपेतून उठण्याच्या सुमारास बागेत पिवळाधमक उजेड पाडणारे ब्रिमस्टोन होते. लेखकाने ओळखीची सारी भिस्त रंगावर ठेवली होती, आणि पांढऱ्या फुलपाखरांचा घोळ सोडला तर त्याच्या देशापुरती ती चालूनही जात असावी. कारण उभ्या ब्रिटनमध्ये फुलपाखरांच्या जाती साठाच्या आतबाहेर, म्हणजे एखाद्या लहान गावातल्या उंबऱ्यांइतक्या, आणि लहान गावात माणूस लांबून टोपीवरूनही ओळखू येतो. आमच्या एकट्या महाराष्ट्रात त्या पावणेतीनशेच्या घरात आहेत. याची गंधवार्ता नसल्यामुळे ते पुस्तक काखोटीला मारून मी शेलारच्या शिवारात दोन पावसाळे रेड अ‍ॅडमिरल शोधत हिंडलो, आणि गावकऱ्यांनी, हा सरकारी नोकर काहीतरी मोजणी करीत आहे अशा समजुतीने, मला दोनदा चहा पाजला.

त्या पुस्तकातले एक फुलपाखरू मात्र मला शेलारमध्ये खरोखर भेटले. तिसऱ्या वर्षीच्या हिवाळ्यात, नदीच्या वाटेवर एकदांडीच्या फुलावर, नारिंगी अंगाचे, पुढच्या पंखांची टोके काळी आणि त्या काळ्यावर पांढरे शिंतोडे असलेले एक फुलपाखरू बसले होते. मी पान उघडले. पेंटेड लेडी! चित्रात आणि प्रत्यक्षात तिळमात्र फरक नव्हता. हे फुलपाखरू जगभर हिंडते. ब्रिटनमध्ये ते दर उन्हाळ्यात दक्षिणेकडून येते, तिथल्या थंडीत तगत नाही, आणि शरद ऋतूत त्याची नवी पिढी उंच आकाशातून पुन्हा दक्षिणेकडे जाते, हे रडारच्या साहाय्याने अलीकडे सिद्ध झाले आहे. हे सगळे मला तेव्हा माहीत नव्हते. मला फक्त एवढेच वाटले की परमुलखात आपल्या गावचा माणूस भेटावा तसे ते पुस्तक इथे प्रथमच कोणालातरी भेटले.

शेलार म्हणजे अभयारण्य नव्हे, हे भिवंडीच्या वाचकाला सांगायला नको. नदीनाका ओलांडून वाड्याच्या रस्त्याला लागले की दोन्ही अंगांनी यंत्रमागांचे कारखाने, त्यांच्या जाळीच्या खिडक्यांतून रात्रंदिवस येणारा धोट्यांचा खडखडाट, दारात रचलेले सुताचे भीम आणि कापडाचे तागे, आणि कामवारी नदीच्या पाण्याला जो रंग असेल तो. तरीही कारखान्याच्या मागच्या भिंतीला लागून रुई उगवते, उकिरड्यावर एरंड माजतो, कुंपणातली घाणेरी कोणी लावत नाही आणि कोणाच्याने हटत नाही, आणि प्रत्येक जुन्या घराच्या परसात एक लिंबू व एक कढीलिंब असतोच. फुलपाखराला इतका सरंजाम पुरतो. ते काही निसर्गसौंदर्य पाहायला येत नाही. त्याला अंडी घालायला ठरावीक झाड हवे असते, आणि ते झाड राजवाड्याच्या बागेत आहे की मोरीच्या कडेला, याची चौकशी ते करीत नाही. लिंबाळी कढीलिंबावर येते, भटक्या बहाव्यावर, बिबळ्या कडवा रुईवर, हबशी कण्हेरीवर. झाड हा पहिला ओळखदार.

दुसरा ओळखदार म्हणजे चाल. हे शिकायला डोळ्यापेक्षा धीर जास्त लागतो. बिबळ्या कडवा घ्या. रुईच्या चिकातले विष सुरवंटपणीच अंगात मुरवून बसल्यामुळे पक्षी आपल्या वाटेस जाणार नाहीत याची त्याला जणू लेखी हमी मिळालेली असते. म्हणून तो गावच्या पाटलासारखा, कोणाकडे न पाहता, संथपणे, माणसाच्या कमरेइतक्या उंचीवरून जातो. भटक्याला मात्र कोठेतरी वेळेवर पोचायचे असते. आणि सांजवेळी उडणारे ते तपकिरी फुलपाखरू, ज्याला इंग्रजीत कॉमन इव्हनिंग ब्राउन म्हणतात, ते दिवसभर पाचोळ्यात पाचोळा होऊन पडून राहते आणि दिवेलागणीला उठते. पावसाळ्यातल्या त्याच्या पिढीच्या पंखांखाली डोळ्यांच्या आकाराच्या ठिपक्यांची ओळ असते. उन्हाळ्यातल्या पिढीत ते ठिपके जवळजवळ पुसले जातात आणि उरते ते निव्वळ वाळके पान, मधल्या शिरेसकट. एकदा मार्चमध्ये शेजारच्या कारखान्यात पाळी बदलण्याच्या वेळी मी मालकाशी बोलत उभा होतो. ट्यूबलाइटखाली, नुकत्याच उतरवलेल्या पांढऱ्या ताग्यावर एक पान येऊन पडले. कारागिराने ते झटकायला हात उचलला, तेवढ्यात पान चार बोटे सरकले. “चाचा, ये पत्ता तो चलता है,” तो गोरखपूरकडचा मुलगा माझ्याकडे वळून म्हणाला, आणि एक माग त्याने पाच मिनिटे बंद ठेवला. मालकाने घड्याळ पाहिले. पण तोही वाकून बघत होता.

नावांची कथा वेगळीच आहे. आपल्याकडच्या फुलपाखरांना इंग्रजी नावे देणारे बहुतेक लोक लष्करी किंवा मुलकी अंमलदार होते, आणि त्यांनी हाताशी होती ती बिरुदे वाटून टाकली: सार्जंट, कमांडर, बॅरन, अर्ल, ड्यूक. ती यादी वाचताना एखाद्या दरबारातील बैठकीचा तक्ता वाचल्यासारखे वाटते. बांडगुळावर वाढणाऱ्या, पंखांच्या खालच्या अंगाला पिवळ्या रंगात तांबडे ठिपके असलेल्या एका देखण्या फुलपाखराला त्यांनी बायबलातल्या दुष्ट राणीवरून जेझबेल म्हटले. त्यालाच आपण मराठीत हळदीकुंकू म्हणतो. दोन समाज एकाच पंखाकडे पाहून काय काय आठवतात! ज्या फुलपाखराच्या माद्या तीन वेगवेगळ्या वेशांत वावरतात, त्याला, बहुपत्नीत्वाची चाल असलेल्या अमेरिकेतील पंथावरून, इंग्रजांनी मॉर्मन ठरवले. हे माझ्या मते अन्यायाचे आहे. नराने काहीच केलेले नाही. सोंगे मादी घेते. तिचा एक वेश नरासारखाच असतो आणि उरलेले दोन, पक्ष्यांना न रुचणाऱ्या कॉमन रोझ आणि क्रिमझन रोझ या दोन फुलपाखरांची हुबेहूब नक्कल असतात. आपण तिला बहुरूपी म्हणतो, ते अचूक आहे. आणि बहुरूप्याचे पितळ जसे त्याच्या वहाणांवरून उघडे पडते, तसे हिचे अंगावरून पडते. खऱ्या रोझचे धड तांबडे असते, हिचे काळे. पंख रंगवता आले, धड राहून गेले. याच बहुरूपीचा थोरला भाऊबंद, हातभर सावली पाडणारा निळा-काळा ब्ल्यू मॉर्मन, 2015 साली महाराष्ट्राचे राज्य फुलपाखरू झाला; शेलारमध्ये तो मी बोटांवर मोजण्याइतकाच पाहिला आहे आणि दर वेळी तो घाईत होता.

या अंमलदारांविषयी मी थट्टेने लिहिले खरे, पण त्यांतल्या तिघांचे ऋण मान्य केल्यावाचून पुढे जाणे कृतघ्नपणाचे होईल. एडवर्ड हॅमिल्टन एटकिन हा 1851 साली साताऱ्यात जन्मलेला गृहस्थ मुंबई इलाख्याच्या जकात व मीठ खात्यात नोकरीस होता, आणि 1883 साली मुंबईत बॉम्बे नॅचरल हिस्ट्री सोसायटी स्थापन करणाऱ्या आठ जणांत तो एक होता. डेव्हिडसन हा कारवारचा कलेक्टर, आणि बेल हा तिथलाच जंगल खात्याचा अधिकारी. फिरती, जमाबंदी, तक्रारअर्ज हे सारे सांभाळून या तिघांनी एकच काम वर्षानुवर्षे केले: सुरवंट झाडावरून पानासकट घरी आणायचे, त्याला तेच पान खाऊ घालायचे, आणि कोशातून काय बाहेर येते ते पाहून मग लिहायचे. जन्माचा दाखला मिळेपर्यंत नाव नोंदवायचे नाही, असा त्यांचा खाक्या होता. मी त्यांचे लेखन वाचले होते, वाखाणले होते, आणि त्याप्रमाणे एकदाही वागलो नव्हतो.

माझ्या वह्यांत बिबळ्या कडव्याच्या नोंदी सर्वांत जास्त होत्या. नारिंगी रंग, काळी टोके, त्यावर पांढरा पट्टा, संथ चाल. दिसला की टिपला, तारखेसह. हे फुलपाखरू इतके ओळखीचे आहे की तेहतीसशे वर्षांपूर्वीच्या एका मिसरी थडग्यातल्या, आज लंडनच्या ब्रिटिश म्युझियममध्ये असलेल्या शिकारीच्या चित्रातही जाणकारांनी ते ओळखले आहे. अशा फुलपाखरासाठी साक्षीदार कशाला हवा, अशी माझी घमेंड.

श्रावणातली गोष्ट. आमच्या मंडळी परसात घोळ खुडत होत्या, आणि मी पायरीवर बसून वर्तमानपत्र वाचीत होतो.

“अहो, तुमचा तो कडवा रुईवर बसतो ना?”

“हो. रुईवरच.”

“मग हा आमच्या घोळीवर काय शोधतोय?”

मी मान वर न करताच म्हटले, “बसला असेल टेकायला.”

“टेकायला नाही. पोट वाकवून वाकवून पानाखाली काहीतरी ठेवतोय. ठेवतेय म्हणा. बाईच ती.”

मी उठलो. चष्मा पुसला आणि गुडघे टेकून बसलो. नारिंगी रंग तोच, काळी टोके तीच, पांढरा पट्टा तोच. पण बिबळ्या कडव्याच्या मागल्या पंखाच्या मध्यावर जे तीन-चार काळे ठिपके असतात ते इथे नव्हते. मधला भाग साफ कोरा होता, आणि वरच्या काठाला एकच काळा डाग होता. मी हात पुढे केला मात्र, तशी ती पाटीलकी क्षणात टाकून, कडवा कधी जात नाही अशा वेगाने, तीरासारखी कुंपणापार झाली. घोळीच्या पानाखाली, खसखशीच्या दाण्याएवढे एक फिकट अंडे चिकटलेले होते.

सौ. नी ती जुडी खुडली नाही. त्या दिवशी आमच्याकडे पिठले झाले.

चौथ्या दिवशी अंडे फुटले. रुईवरचा कडव्याचा सुरवंट गुळगुळीत, काळ्या-पांढऱ्या-पिवळ्या पट्ट्यांचा असतो. हा काळा, अंगभर फाटे फुटलेल्या काट्यांचा, आणि डोक्यावर दोन शिंगे. आम्ही त्याला बरणीत ठेवले, तोंडाला मलमलीचा तुकडा बांधला, आणि रोज ताजी घोळ घातली. दरम्यान मी माझ्या वह्या काढल्या. आता विचारायचे कोणाला? ‘कडवा, नदीच्या वाटेवर’, ‘कडवा, कारखान्यामागे’, ‘कडवा, दोन’. मागल्या पंखाचा मध्य मी एकदाही टिपला नव्हता, झाडाचा उल्लेख क्वचित, चालीचा मुळीच नाही. कचेरीत असा दस्त कोणी पुढे सरकवला असता तर मी तो त्याच्या तोंडावर परत केला असता. मी तांबडी शाई घेतली आणि अकरा वर्षांच्या नोंदींपुढे ‘ओळख शाबीत नाही’ असा शेरा मारत गेलो. दोन संध्याकाळी लागल्या. एका नोंदीपुढे शेजारच्या मुलाचे नाव होते. त्याला मी ते फुलपाखरू बोट रोखून, मोठ्या अधिकारवाणीने दाखवले होते. तो आता दुबईत असतो.

महिना होत आला तेव्हा बरणीच्या झाकणाला उलटा टांगलेला कोश एका सकाळी काळवंडला आणि सव्वानऊच्या सुमारास उकलला. बाहेर आले ते नारिंगी नव्हते. काळेभोर पंख, त्यांवर दोन्ही अंगांचे मिळून सहा पांढरे चांदवे, आणि उन्हात धरल्यावर त्या चांदव्यांच्या कडेने फिरणारी जांभळी झळाळी: छोटा चांदवा, नर. आईने जन्मभर दुसऱ्याचा पोशाख घातला होता. मुलाने घातला नाही.

सौ. स्वयंपाकघरातून हात पुसत आल्या, बरणीशी वाकल्या, आणि बराच वेळ पाहून म्हणाल्या, “हा बापावर गेला हो.”

पंख वाळेपर्यंत आम्ही थांबलो. मग मी मलमल सोडली. ते उडून लिंबावरून पलीकडे गेल्यावर मी नवी वही उघडून तारीख घातली, नाव लिहिले, झाड लिहिले, आणि ओळखदाराच्या रकान्यात आमच्या मंडळींची सही घेतली.