लळिंगचा दगड आणि आमची काळी

दरवर्षी 31 जुलैला आम्ही लळिंगला जातो. 1937 साली कोर्टाच्या कामासाठी धुळ्याला आलेले बाबासाहेब इथल्या लांडोर बंगल्यावर राहिले होते. मागच्या वेळी डोंगर चढताना पुतण्याने मोबाईलवर अमेरिकेतला माउंट सेंट हेलेन्स दाखवला. 18 मे 1980 ला त्या ज्वालामुखीचा माथाच उडाला, 57 माणसे गेली.

"काका, आपल्याकडे असलं काही नाही ना?"

"बाबा, तू उभा आहेस तो दगड ज्वालामुखीचाच आहे."

आपल्याकडे शंकूसारखा डोंगर फुटला नाही. सुमारे 6 कोटी 60 लाख वर्षांपूर्वी जमिनीला भेगा पडल्या आणि लाव्हा थरावर थर पसरत गेला. म्हणून आपले डोंगर पायऱ्यापायऱ्यांचे दिसतात. भेगांतच गोठलेला लाव्हा धुळे-नंदुरबारकडे काळ्या भिंतींसारखा उभा आहे. अमेरिकेतही कोलंबिया नदीच्या खोऱ्यात असाच लाव्हा पसरला. पण आपला त्याहून कितीतरी जुना आणि मोठा, आजही सुमारे 5 लाख चौरस किलोमीटरवर पसरलेला.

हाच दगड झिजून खानदेशची कापसाची काळी जमीन झाली. आता प्रश्न असा, की काळी निसर्गाने केली, पण ती वाटली कोणी? लाव्हा पसरताना त्याने गावकूस पाहिले नव्हते. माझे आजोबा जन्मभर दुसऱ्याच्या काळीत राबले. 1972 च्या दुष्काळात आजीने रोजगाराच्या कामावर हाच दगड फोडून खडी केली. आमच्या वाट्याला दगड आला आणि माती दुसऱ्यांच्या सातबाऱ्यावर गेली. याला कोणी नशीब म्हणेल, कोणी निसर्गक्रम. मित्रांनो, ज्वालामुखी हा निसर्गक्रम आहे, भूमिहीनता नाही. ती माणसांनी लादली, म्हणून माणसांना मोडता येते.

हे ओळखूनच 1959 साली कर्मवीर दादासाहेब गायकवाडांच्या नेतृत्वाखाली खानदेशातले भूमिहीन सत्याग्रहात उतरले. आजोबाही त्यात तुरुंगात गेले. जमीन मिळाली नाही, पण ती मागायची असते हे घरात कळले.

पुतण्याने लळिंगचा एक खडा खिशात टाकला. मी म्हटले, खडा ने, पण पुढच्या 31 जुलैला येताना गावच्या गायरानाचा सातबारा काढून आण. दगडाचा इतिहास कळला, आता मातीचा हिशेब मागू.

जय भीम!