आगीत गेलेला अजिंठा

३० डिसेंबर १८६६ रोजी लंडनजवळच्या सिडनहॅम इथे क्रिस्टल पॅलेसच्या एका भागाला आग लागली. त्या आगीत अजिंठ्याच्या भित्तिचित्रांच्या पहिल्या मोठ्या तैलरंगी नकला निवर्तल्या. त्यांच्यातल्या थोरलीचं वय वीसच्या आसपास होतं. पुढे १८८५ मध्ये साउथ केन्सिंग्टनच्या संग्रहालयात आग लागली आणि त्यांच्या मागून जन्मलेल्या धाकट्या पिढीचा मोठा हिस्साही त्याच वाटेने गेला. मूळ चित्रं आपल्या जागी होती, त्यामुळे नकलांसाठी फारसं कुणी हळहळलं नाही. तो राहून गेलेला शोक आज इथे थोडा व्यक्त करायचा आहे.

यवतमाळात बसून त्यांची आठवण काढणं अगदीच उपरं नाही. मेजर रॉबर्ट गिल १८४४ मध्ये अजिंठ्याच्या कामावर नेमले गेले, तेव्हा अजिंठा आणि यवतमाळ एकाच निजामाच्या मुलखात होते. १८५३ च्या तहाने वऱ्हाड कंपनी सरकारच्या हाती गेलं आणि अजिंठा निजामाकडे राहिला. नंतरच्या काळात आमच्याकडचा माणूस लेणी पाहायला निघाला, की शकुंतला गाडीने मूर्तिजापूर गाठायचा आणि तिथून मोठ्या गाडीने भुसावळच्या दिशेने जायचा. त्याच भुसावळात गिलसाहेबांची कबर आहे. उतरून ती पाहणारे फार नसावेत; घाई लेण्यांची असते.

या नकलांच्या जन्माची हकीकत अशी. १८१९ मध्ये जॉन स्मिथ नावाच्या मद्रासच्या फौजेतल्या अधिकाऱ्याला शिकारीच्या वेळी वाघूर नदीच्या घळीत लेणी दिसली. त्यानंतर जाणकारांची ये-जा वाढली. १८४३ मध्ये जेम्स फर्ग्युसन यांनी लंडनच्या रॉयल एशियाटिक सोसायटीपुढे निबंध वाचला. ही चित्रं नष्ट होण्याआधी उतरवून घ्यावीत, असा आग्रह त्यातून पुढे आला. कंपनीने त्यासाठी गिल यांना निवडलं. ते १८०४ साली जन्मलेले, मद्रासच्याच फौजेतले, हातात कुंचला असलेले सैनिक. चाळिशीत त्यांनी हे काम घेतलं आणि १८६३ पर्यंत ते करत राहिले. मुक्काम अजिंठा गावच्या बारादरीत, काम घळीत.

अजिंठ्याची चित्रं मातीच्या गिलाव्यावरची आहेत. दगडावर मातीत भुसा आणि तंतू कालवून केलेला थर, त्यावर चुन्याचा पातळ हात आणि मग गेरू, पिवळी माती, हिरवी माती, काजळी, चुना, कुठे कुठे लाजवर्दी निळा. हे सगळे रंग कोरडे, मातकट, अंगाला चमक नसलेले. तैलरंग जात्याच तेलकट आणि तुकतुकीत. भिंतीवरचा गेरू तेलात उतरवताना तो हमखास गडद होतो. तो खाली आणण्यासाठी पांढरा मिसळावा, तर त्याची ऊब जाते. दाराशी बसून मिसळलेला रंग आत भिंतीपाशी वेगळाच दिसतो, कारण लेण्यात प्रकाश दारातूनच येतो आणि उन्हाबरोबर सरकत राहतो. त्यात वटवाघळं, मधमाश्या आणि पावसाळ्यातली ओल. अशा ठिकाणी गिल यांनी भिंतीच्याच मापाचे कॅनव्हास रंगवले आणि एकामागून एक लंडनला धाडले. सुमारे वीस वर्षांत त्यांची संख्या तिसाच्या घरात गेली. वेग कमी वाटेल, पण त्या काळोखात उभं राहिलेल्या माणसाला तसं वाटणार नाही.

त्याच वर्षांत पॅरिसमध्ये काय चाललं होतं, याकडेही पाहावं. गिल यांचं काम थांबलं त्या १८६३ मध्येच तिथे नाकारलेल्या चित्रांचं ते गाजलेलं प्रदर्शन भरलं आणि माने यांच्या चित्रापुढे लोक हसले, चिडले. १८७४ मध्ये इम्प्रेशनिस्टांचं पहिलं प्रदर्शन झालं. जुन्यांची री ओढणं पुरे, आपल्या डोळ्यांना दिसेल ते रंगवू, असं तिकडचे तरुण म्हणत होते. एकोणिसाव्या शतकातले युरोपीय चित्रकार म्हटलं की आपल्याला हीच नावं आठवतात आणि ते योग्यही आहे. पण त्याच शतकातला, त्याच खंडातून आलेला एक चित्रकार आमच्या शेजारच्या डोंगरात आयुष्यातली सुमारे वीस वर्षं स्वतःची एकही रेघ मध्ये न आणण्यासाठी झटत होता. दीड हजार वर्षांपूर्वीच्या अनामिक चित्रकाराच्या रेघेमागे आपला हात चालवणं ही कमीपणाची गोष्ट आहे, असं मला कधी वाटलेलं नाही.

गिल यांच्या नकला क्रिस्टल पॅलेसच्या भिंतींवर लागल्या. लंडनच्या लोकांनी अजिंठा पाहिला तो त्यांच्यामुळे. ज्या मातीतून त्या उतरल्या, तिथल्या लोकांना मात्र त्यांचं दर्शन घडलं नाही. गिल पुढे कॅमेऱ्याकडे वळले होते. १८६४ मध्ये लेण्यांची त्यांची छायाचित्रं फर्ग्युसन यांच्या मजकुरासह पुस्तकरूपाने निघाली. नकला जळाल्याची बातमी त्यांना इथेच, हयातीत कळली. १८७९ मध्ये ते गेले. गिल आणि पारो यांच्या प्रेमाची गोष्ट आज सगळ्यांना ठाऊक आहे. अजिंठा गावातला २३ मे १८५६ ही तारीख कोरलेला तिचा दगड, ना. धों. महानोरांचं दीर्घकाव्य आणि २०१२ चा चित्रपट यांनी ती घरोघरी नेली. प्रेमकथेच्या नशिबी ते असतंच. मला त्या गोष्टीत नकलांची जागा थोडी अपुरी वाटते, एवढंच.

धाकटी पिढी १८७२ पासून जन्माला येऊ लागली. जॉन ग्रिफिथ्स हे वेल्समधले, १८३७ चे. १८६५ मध्ये ते मुंबईच्या जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये शिकवायला आले. अजिंठ्याचं काम त्यांनी एकट्याने केलं नाही. हिवाळा लागला की ते विद्यार्थ्यांना घेऊन लेण्यांत जात. मध्ये काही वर्षांचा खंड पडला, पण १८८५ पर्यंत हे चालू राहिलं. पेस्तनजी बोमनजी पुढे नामवंत चित्रकार झाले. त्यांचे हात या नकलांना लागले आहेत. जगन्नाथ अनंत यांचं नावही नोंदींत सापडतं. बाकीच्यांपैकी बरेच जण आता नावापुरतेही उरलेले नाहीत. मुंबईहून आलेली विशीतली ही पोरं महिनोन् महिने शिडीवर मान वर करून छताची नक्षी उतरवत बसत. युरोपीय तैलरंगाची तालीम आणि अजिंठ्याची रेघ या दोन्ही गोष्टी त्यांच्या बोटांत एकाच वेळी उतरल्या. मुंबईच्या चित्रकलेला त्यातून काय मिळालं, याचा हिशेब नीट मांडायला हवा.

या धाकट्या नकलांचा एक गुण मला फार मोलाचा वाटतो. भिंतीचा पोपडा जिथे निघाला होता, तिथे त्यांनी तो निघालेलाच दाखवला. आपल्या मनाचं काही भरलं नाही. सोळाव्या लेण्यातली ती मान टाकलेली राजकन्या असो की पहिल्या लेण्यातला पद्मपाणी, त्या हिवाळ्यात जेवढं शाबूत होतं तेवढंच कॅनव्हासवर आलं. पुढे भिंतीवरून आणखी काही गळालं, की ते कुठे आणि कसं होतं, हे सांगणारा साक्षीदार म्हणून ही नक्कलच उभी राहते. मूळ चित्रावरचे रंग उठून दिसावेत म्हणून त्या काळी भिंतींवर व्हार्निशही फिरवलं गेलं, ते पुढे पिवळं पडलं. त्या वेळच्या समजुतीप्रमाणे तो औषधोपचारच होता.

१८८५ च्या आगीनंतर ग्रिफिथ्स यांनी उरलेल्या नकलांचा आधार घेऊन १८९६-९७ मध्ये दोन मोठे खंड छापून घेतले. त्यांच्या मागून १९०९ ते १९११ या काळात लेडी हेरिंगहॅम आल्या, त्यांच्याबरोबर नंदलाल बोस, असितकुमार हालदार, वेंकटप्पा हे तरुण. मग निजामाच्या राज्यातून गुलाम याजदानी यांचे छायाचित्रांचे खंड. वाट मळली होती. मळवणारे दोघे होते.

गिल यांच्या नकलांच्या पश्चात हाताच्या बोटांवर मोजता येतील इतके कॅनव्हास उरले आहेत. आग लागली तेव्हा ते भिंतीवर टांगलेले नव्हते, म्हणून वाचले. त्याखेरीज मिसेस स्पिअर यांच्या १८५६ च्या पुस्तकात छापलेले काही छोटे ठसे आहेत. ग्रिफिथ्स आणि त्यांच्या विद्यार्थ्यांच्या नकलांचा परिवार मोठा आहे. दीडशेच्या वर कॅनव्हास लंडनच्या व्हिक्टोरिया अँड अल्बर्ट संग्रहालयाच्या कोठारात आहेत आणि त्यांतल्या काहींची दुरुस्ती झाली आहे.