आठ मिलिमीटर आणि चार खोल्या

इटलीत जाऊन लोक पिसाच्या मनोऱ्याला हात टेकवून फोटो काढतात, मी पीठ मळून आले! बोलोन्याजवळच्या एका ‘आग्रितुरिझ्मो’त, म्हणजे पाहुणे ठेवणाऱ्या शेतकऱ्याच्या घरी, अर्ध्या दिवसाचा पास्ता क्लास केला.

हिशेब सोप्पा. १०० ग्रॅम मैद्याला एक अंडं, पाणी अजिबात नाही. मैद्याचं आळं करायचं, मधे अंडी फोडायची आणि दहा मिनिटं मळत राहायचं. मग गोळा अर्धा तास झाकून ठेवायचा, नाहीतर लाटताना आक्रसतो. आपल्या कणकेसारखंच की! लाटणं मात्र दोन हात लांब आणि पोळी टेबलाएवढी. शिकवणाऱ्या आजींचा नियम एकच : पोळीतून पलीकडचा हात दिसला पाहिजे. मग घडी घालून सुरीने पट्ट्या कापल्या की तालियातेल्ले तयार. शिजल्यावर रुंदी ८ मिलिमीटर. १९७२ मध्ये बोलोन्याच्या चेंबर ऑफ कॉमर्समध्ये तशी रीतसर नोंदच झालीय!

पण मनात राहिलं ते वेगळंच. अशा घरांसाठी तिथे १९८५ मध्येच कायदा झाला. पाहुणे ठेवा, पण मुख्य धंदा शेतीच हवा. आजींचा मुलगा शहरातली नोकरी सोडून परतला, तो याच जोरावर.

आमचं कोकणातलं घर सहा वर्षं बंद आहे. बाबा विकायचं म्हणत होते. मी त्यांना फोटोंच्या आधी हिशेब दाखवला : चार खोल्या, आंब्याची बाग आणि आईचे शिरवाळे. विक्री मेपर्यंत थांबलीय. मग, येताय ना सोऱ्या फिरवायला?