मोडीत काढलेलं

ब्रिटनमध्ये १९७०नंतर जे जे मोडीत निघालं, त्यातल्या काही गोष्टींची ही यादी. क्रम काळाचा नाही.

दुधाची बाटली

काचेची, एक तृतीयांश पाइंटची, म्हणजे पाव लिटरहूनही कमी. १९४६च्या कायद्यानुसार शाळेतल्या प्रत्येक मुलाला रोज फुकट. हिवाळ्यात गोठलेली, उन्हाळ्यात कोमट. पुष्कळ मुलांना ती अजिबात आवडत नसे. १९६८ साली मजूर पक्षाच्या सरकारने माध्यमिक शाळांतून ती काढून घेतली, तेव्हा फारसा बोभाटा झाला नाही. १९७१ साली शिक्षणमंत्री मार्गारेट थॅचर यांनी सात वर्षांवरच्या मुलांचं दूध बंद केलं आणि ‘दूधचोर’ ही पदवी त्यांना जन्मभर चिकटली.

पासपोर्टातलं पान

परदेशी जाताना किती पैसे नेले, याची बँकेने करायची नोंद. १९६६पासून काही वर्षं मर्यादा होती ५० पौंड. त्याच दशकात भारतातून लंडनला निघणाऱ्याच्या हाती तीन पौंड पडत, त्यामुळे ज्यांनी मुंबईचा किनारा सोडताना ते मोजून घेतले, त्यांना ५० पौंडांवरून होणारी इंग्रजांची कुरकुर चैनीची वाटली असेल. दुसऱ्या महायुद्धापासून चालत आलेलं हे परकीय चलनाचं नियंत्रण अर्थमंत्री जेफ्री हाउ यांनी ऑक्टोबर १९७९मध्ये एका घोषणेत संपवलं. बँक ऑफ इंग्लंडमधल्या शेकडो कारकुनांचं काम गेलं. बाकी कोणी डोळ्यांतून टिपूस काढलं नाही. पैशाला मात्र देशाबाहेरची वाट कायमची मोकळी झाली.

एक पौंडाची नोट

पाठीवर न्यूटन. १९७५ साली महागाईचा दर २४ टक्क्यांवर गेला होता. असं काही वर्षं चाललं आणि पौंडाची सुटी मोड झाली. सुट्या पैशांसारखी हातोहात फिरणारी नोट वर्षभरही टिकेना. १९८३ साली नाणं आलं. ११ मार्च १९८८नंतर नोट दुकानात चालेनाशी झाली. अर्धा पेनी १९८४ सालीच गेला होता.

बिअर आणि सँडविच

संप चिघळला की कामगार पुढाऱ्यांना १० डाउनिंग स्ट्रीटवर बोलवायचं, रात्री उशिरापर्यंत बसायचं आणि पगारवाढीचा आकडा ठरवूनच उठायचं. पंतप्रधान हॅरॉल्ड विल्सन यांच्या काळातली ही रीत. सरकार, मालक आणि कामगार यांना एका टेबलाशी बसवणारी राष्ट्रीय आर्थिक विकास परिषदही होती, १९६२ सालची. टीकाकार म्हणत, देशाचा कारभार संसदेऐवजी या बैठकांत चालतो, आणि ते अगदीच खोटं नव्हतं. १९७८-७९च्या हिवाळ्यात लिव्हरपूलच्या कबर खोदणाऱ्यांनी संप केला, मृतदेह पडून राहिले, आणि या टेबलाची उरलीसुरली पत गेली. पंतप्रधान झाल्यावर थॅचर यांनी सँडविच बंद केले. परिषद १९९२पर्यंत नावापुरती जिवंत होती.

छतावरचा फलक

थेम्सच्या एका काठाला संसद, समोर काउंटी हॉल, म्हणजे ग्रेटर लंडन कौन्सिलचं मुख्यालय. कौन्सिलचे नेते केन लिव्हिंगस्टन यांनी त्याच्या छतावर लंडनमधल्या बेकारांचा आकडा लावला, संसदेतून नीट वाचता येईल एवढ्या मोठ्या अक्षरांत. तो बदलत गेला, म्हणजे वाढतच गेला. १९८२च्या सुरुवातीला देशातले बेकार ३० लाखांच्या वर गेले होते. ३१ मार्च १९८६ रोजी फलकासकट कौन्सिलच बरखास्त झाली. त्या इमारतीत आता हॉटेल आहे आणि मत्स्यालयही.

सारख्या रंगाचे दरवाजे

नगरपालिकेच्या भाड्याच्या घरांच्या कितीतरी ओळींतून दरवाजांचा रंग एकच असे. रंग नगरपालिकेचा, रंगवायची पाळीही तीच ठरवणार. १९८०च्या कायद्याने तीन वर्षं राहिलेल्या भाडेकरूला घर विकत घेण्याचा हक्क दिला. किंमत बाजारभावापेक्षा ३३ टक्के कमी, राहून जितकी वर्षं झाली तितकी जास्त सूट, ५० टक्क्यांपर्यंत. घर घेतलेला माणूस बहुधा पहिल्यांदा दरवाजा बदलायचा. रस्त्यावरून चालताना कळायचं, कोणी घेतलं, कोणी नाही. दशक संपायच्या आत दहा लाखांहून अधिक घरं विकली गेली. लोकांनी ती आनंदाने घेतली, मजूर पक्षाला मत देणाऱ्यांनीसुद्धा. बागेवाली चांगली घरं आधी गेली, उंच इमारतींतले फ्लॅट मागे उरले. विक्रीचे पैसे नवी घरं बांधायला वापरण्यावर सरकारने बंधनं घातली होती.

पितळी बिल्ला

कोळसा खाणीतल्या कामगाराचा. तळहातात मावणारा, खाणीचं नाव आणि माणसाचा नंबर ठोकलेला. बऱ्याच खाणींत पद्धत अशी: उतरताना एक बिल्ला लिफ्टच्या पिंजऱ्यापाशी उभ्या माणसाच्या हातात द्यायचा, जोडीतला दुसरा अंगावर ठेवायचा. पाळी संपल्यावर नंबर फळीवर परत लागला नाही, तर माणूस अजून खाली आहे. स्फोट झाला की खाली कोण कोण आहे, हे नातेवाइकांआधी फळीला कळे.

मार्च १९८४मध्ये सुमारे १७० खाणी होत्या. कोळसा मंडळ २० बंद करणार म्हणालं आणि वर्षभराचा संप पेटला. खाणकामगारांचे नेते आर्थर स्कारगिल म्हणत होते, यादी याहून मोठी आहे. ती मोठीच निघाली. तसं पाहिलं तर विल्सन यांच्या काळात बंद झालेल्या खाणी संख्येने जास्त होत्या. तेव्हा खाणीतून सुटलेल्या माणसाला दुसरीकडे काम मिळत होतं, हा फरक. साउथ वेल्समधल्या टॉवर खाणीच्या २३९ कामगारांनी भरपाईतले प्रत्येकी ८,००० पौंड घालून १९९५ साली आपली खाण परत उघडली आणि २००८पर्यंत चालवली. देशातली शेवटची खोल खाण, केलिंग्ली, डिसेंबर २०१५मध्ये मिटली. बिल्ले आता संग्राहक विकत घेतात.

पोलादाची भट्टी

ब्रिटिश स्टील १९८८ साली विकली गेली, मग तिची कोरस झाली, मग २००७ साली टाटांची. वेल्समधल्या पोर्ट टॅलबट कारखान्याचा हिशेब तेव्हापासून मुंबईला टाटांच्या मुख्यालयापर्यंत, बॉम्बे हाउसपर्यंत येऊ लागला. पोर्ट टॅलबटची शेवटची झोतभट्टी ३० सप्टेंबर २०२४ रोजी विझली. देशातलं कोळशावरचं शेवटचं वीजकेंद्रही त्याच दिवशी थांबलं.

परत आलेलं

किमान वेतन ठरवणारी मंडळं १९९३ साली गेली. १९९९ साली देशभर किमान वेतन लागू झालं, प्रौढांना तासाला ३.६० पौंड. लंडनला २०००मध्ये पुन्हा स्वतःचा कारभार मिळाला आणि पहिले महापौर झाले तेच लिव्हिंगस्टन. नव्वदच्या दशकात खाजगी केलेल्या रेल्वेगाड्या एकेक करून सरकारकडे परतू लागल्या आहेत.

म्हणजे जे सहीने गेलं, ते सहीने परत येऊ शकतं. विकलेलं घर परत घ्यायचं तर बाजारभाव मोजावा लागतो. खाणीचं तसं नाही. पंप थांबले की पाणी चढतं, खाली उतरायची विहीर बुजवतात, खालचा कोळसा खालीच राहतो. १९८४ साली खाणींच्या तोट्यावर घनघोर वाद झाले. सरकारने अनुदान मोजलं. ऑक्सफर्डचे अर्थतज्ज्ञ अँड्र्यू ग्लिन यांनी उलट बाजूने बेकारभत्ता आणि बुडणारा कर मोजून दाखवला. दोन्ही हिशेब पैशांचे होते. निर्णय चुकला तर तो फिरवता येईल का, या प्रश्नाला कोणत्याच ताळेबंदात रकाना नव्हता. धोरण उजवं असो वा डावं, आधी तो रकाना आखायला हवा.