आवाज चढला, पण शब्द कुठे गेला?



गागोदे बुद्रुक म्हटले की लोकांना विनोबा भावे आठवतात. हे त्यांचे जन्मगाव. १९३२ साली धुळ्याच्या तुरुंगात त्यांनी गीतेवर प्रवचने दिली, ती साने गुरुजींनी लिहून घेतली. आमच्या वस्तीतल्या एक आजी आयुष्यभर भीमगीते गात आल्या. त्यांचे मात्र कोणीच काही नोंदवले नव्हते. म्हणून जयंतीआधी मी त्यांचे एक गाणे मोबाइलवर रेकॉर्ड केले आणि एफएल स्टुडिओ चालवणाऱ्या पोराला दिले. "दणका पाहिजे," एवढेच सांगितले.

त्याने पूर्ण गाण्यावर डिस्टॉर्शन लावले. डीजेवर पोरे बेभान नाचली. आजी म्हणाल्या, "पोरा, माझंच बोल मला कळत नाय."

चूक प्लगइनची नव्हती, माझ्या मागणीची होती.

डिस्टॉर्शन म्हणजे नुसता गोंगाट नाही. ते ध्वनिलहरीचे शेंडे छाटते आणि त्यातून मूळ सुराच्या पटीतले नवे सूर तयार होतात. ६० हर्ट्झचा ठोका मोबाइलच्या स्पीकरवर जवळपास ऐकूच येत नाही. पण १२०, १८० हर्ट्झचे सूर त्याला जोडले की कान तो ठोका ओळखतो. म्हणजे साध्या मोबाइलवर ऐकणाऱ्यापर्यंत ठेका पोहोचवायला हे साधन कामाचेच आहे. मात्र गळा, ढोलकी, कीबोर्ड एकत्र त्यातून काढले की मुळात नसलेले सूर जन्मतात आणि त्या गर्दीत अक्षरे चिरडली जातात.

भीमगीतातून शब्द गेला तर उरते काय? वामनदादा कर्डक (१९२२–२००४) गावोगाव गायले ते विचार पोहोचवण्यासाठी.

उलट काही जण म्हणाले, "आजींचा आवाज घोगरा आहे, साफ करून घ्या." तेही मला मान्य नाही. शुद्ध आवाज कोणता, हे ठरवणारी फूटपट्टी कोणाची? तो घोगरेपणा उघड्या मैदानात माइकशिवाय गाऊन आला आहे.

आम्ही पुन्हा बसलो. ढोलकीवरचे डिस्टॉर्शन ठेवले. आजींचा आवाज होता तसा ठेवला; त्याच्या दुसऱ्या प्रतीवर हलके डिस्टॉर्शन लावून ती खाली मंद मिसळली. या वेळी ऐकता ऐकता आजी स्वतःच पुढचे कडवे गाऊ लागल्या.

गाणी बनवणाऱ्या मित्रांनो, एवढेच करा. गाणे बाहेर सोडण्याआधी ज्याने गायले त्यालाच ते मोबाइलवर ऐकवा. त्याला स्वतःचे शब्द कळले नाहीत, तर नॉब मागे घ्या.